ब्लेझर, उधारीची वही आणि अकॅडमी

पत्र:

ताई, नमस्कार. मी लातूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावचा, वय ३७. कॉलेजात खो-खो खेळलो. नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाचा कलर होल्डर आहे, म्हणजे विद्यापीठाच्या संघातून खेळलोय, दोनदा अखिल भारतीय आंतरविद्यापीठ खेळलो. तिसऱ्या वर्षी गुडघा गेला. बी.पी.एड. केलं, नोकरीसाठी सहा वर्षं फिरलो. खेळाडूंच्या ५ टक्के आरक्षणातही बसलो नाही. शेवटी २०१७ ला कृषी सेवा केंद्र टाकलं. परवाना मिसेसच्या नावावर, ती बी.एस्सी. अ‍ॅग्री आहे. पहिली दोन वर्षं ती काउंटरला बसायची, मग वडिलांना ते पटेना.

लोक मला अजून ओळखतात. दुकानात बसलं की मॅचच्या गोष्टी निघतात. पण ११ लाख उधारी अडकली आहे आणि ठोक व्यापारी माझ्याकडून महिन्याला २ टक्के घेतो. वडील (वय ६८) म्हणतात, पोरगं ग्राउंडवर वाया गेलं. आता मला दुकान बंद करून खो-खो आणि पोलीस भरतीची निवासी अकॅडमी काढायची आहे. मित्राची रोडलगतची जागा भाड्याने मिळते. १४ लाख लागतील, त्यासाठी मिसेसच्या नावाचा प्लॉट तारण ठेवावा लागेल. ती नाही म्हणते. चार महिने आम्ही कामापुरतं बोलतो.

मुलगी ११ वर्षांची, फार चपळ आहे. तिच्यात मला मी दिसतो. तिच्या आईला मात्र तिला लातूरला ठेवून डॉक्टर करायचंय. सांगा ताई, मी माझं स्वप्न सोडून देऊ का?

ता.क. तीन वर्षांपूर्वी रागाच्या भरात विद्यापीठाचा ब्लेझर उकिरड्यावर टाक म्हणून मिसेसला दिला होता. परवा धान्याच्या कोठीमागच्या पेटीत सापडला. खिशात कडुलिंबाचा हिरवट पाला होता. आता तो ठेवू की टाकू?

एक जुना खेळाडू


उत्तर:

भाऊ,

तुमचं पत्र चार पानी आहे, इथे थोडकंच छापता आलं. चारातली साडेतीन पानं ग्राउंडची. दुकानाला अर्धं पान मिळालंय आणि परवाना कोणाच्या नावावर, हे तुम्ही एका ओळीत उरकलंत. मी त्या ओळीपासून सुरुवात करते.

कीटकनाशकं विकायला शिक्षणाची अट आहे. त्यासाठी शेतकी किंवा विज्ञान शाखेची पात्रता लागते, बी.पी.एड.वर ते काम होत नाही. म्हणजे तुमच्या दुकानात गल्ल्यावर तुम्ही आणि भिंतीवरच्या परवान्याच्या फ्रेममध्ये वहिनींचं नाव. गुणनियंत्रण निरीक्षक तपासणीला आला आणि साठा रजिस्टर जुळलं नाही, तर नोटीस कोणाच्या नावाने निघेल? मागच्या रॅकवर मुदत संपलेल्या औषधाची बाटली निघाली तर? सात वर्षं ती बाई घरात बसून, ज्या दुकानात पाऊल ठेवत नाही त्याची जोखीम आपल्या नावावर वागवतेय. आता तेच दुकान बंद करायचं, त्यांच्याच नावाचा प्लॉट तारण ठेवायचा, आणि मला विचारताना मात्र 'मी माझं स्वप्न सोडू का'.

राग मानू नका. पुढे जरा कडू लिहिणार आहे, म्हणून हे आधीच सांगते: मला तुमच्याविषयी माया वाटते. असा एक माणूस मी जवळून पाहिलाय.

माझा थोरला भाऊ परभणीला कॉलेजात व्हॉलीबॉल खेळायचा. सालं ७७-७८ ची. त्याला विद्यापीठाचा ब्लेझर मिळाला तेव्हा आमच्या गल्लीत पेढे वाटले होते. पुढे वडील गेले, भुसार दुकान त्याच्या अंगावर आलं. एका वर्षी ज्वारी हुरड्यात आली, पाखरांनी उच्छाद मांडला, तर या पठ्ठ्याने तो ब्लेझर नेऊन बुजगावण्याला घातला. लोक हसले, तोही हसला. तिसऱ्या दिवशी आई शेतात गेली, ब्लेझर काढून आणला आणि गरम पाण्यात धुतला. लोकरीचा तो, असा आटला की शेजारच्या नववीतल्या पोराला होईना. नंतर चाळीस वर्षं भाऊ दुकानात बसला. खेळाविषयी एक शब्द नाही. पण रोज संध्याकाळी दुकान बंद करून घरी यायला त्याला तासभर उशीर व्हायचा. तो शाळेच्या ग्राउंडच्या कुंपणाला टेकून पोरांचा खेळ बघत उभा असायचा. आत कधी गेला नाही. त्याला आत बोलवायला कोणी आलं नाही आणि आपण होऊन जायला त्याला लाज वाटली.

तुमचंही तसं व्हावं असं मला अजिबात वाटत नाही. ग्राउंडवर जा. पण आत जायला १४ लाखांचं गेट बांधावं लागत नाही.

आधी उधारी बघू. सगळी गाठ तिथेच बसलीय.

११ लाखांवर महिन्याला २ टक्के म्हणजे २२ हजार रुपये. वर्षाचे २ लाख ६४ हजार. एवढी रक्कम तुमच्या घरातून दरवर्षी निमूट बाहेर जाते. मृगात दिलेलं खत, बियाणं सोयाबीनची रास झाल्यावर वसूल होणार, हा आपल्याकडचा रिवाज. जून ते नोव्हेंबर धरले तरी सहा महिन्यांत १२ टक्के व्याज झालं. खताच्या पोत्यात तेवढं मार्जिन असतं का, हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे. उधार विकलेलं प्रत्येक पोतं तुम्ही पदरमोड करून देताय. त्यात कंपन्यांचं लिंकिंग, युरिया हवा तर हे घ्या आणि ते घ्या. तो न खपणारा माल मागच्या खोलीत पडून असेल, तो वेगळाच.

आता ही उधारी झाली कशी? याचं उत्तर तुमच्या पत्रातच आहे. 'दुकानात बसलं की मॅचच्या गोष्टी निघतात.' भाऊ, मी व्यापाऱ्याच्या घरातली आहे. काउंटरवर कोण कशाला विरघळतो हे गिऱ्हाइकाला पहिल्या हंगामात कळतं. 'अण्णा, तुमचा तो सूर अजून डोळ्यापुढं हाय बघा,' असं म्हणणाऱ्याला तुमच्याकडे डीएपीचं पोतं उधार मिळतं, हो ना? नगदी मागितली की तो म्हणणार, एवढा मोठा खेळाडू आणि पैशापाशी आला. ते तुम्हाला सोसत नाही. दुकानात तुम्हाला खेळाडू म्हणून ओळख मिळते, आणि तिची किंमत वहीत चढत जाते. अकॅडमी काढलीत तरी फी मागताना हाच प्रसंग येणार आहे. गरीब पोरगं, चपळ पोरगं, ओळखीच्याचं पोरगं. तिथेही वही उघडेल.

म्हणून वही घेऊन बसा. वडिलांना नको, मित्राला नको, फक्त वहिनींना घेऊन. त्यांना एकेक नाव मोठ्याने वाचू द्या. गेल्या सप्टेंबरच्या अतिवृष्टीत कोणाची माती खरवडून गेली, कोणाचं सोयाबीन पाण्यात सडलं, हे तुम्हाला माहीत आहे. पण कोणाच्या घरी सोनं मोडलं, कोणी नवीन ट्रॅक्टर बुक केला, कोणाच्या पोरीचं लग्न ठरलंय, हे पीठगिरणीत बायकांना आधी कळतं. ज्यांचं खरंच वाहून गेलं त्यांना या वर्षी धक्का लावू नका. सोयाबीनचा हमीभाव ५,३२८ जाहीर झाला, पण कितीजणांचा माल त्या भावाने गेला हे तुम्ही आडतीवर पाहिलंच असेल. पैसे नाहीत म्हणणारा तो माणूस खोटं बोलत नाहीये. मात्र ज्याच्याकडे आहे आणि देत नाही, त्याच्या दारात जा, आणि एकटे जाऊ नका, वहिनींसोबत जा. परवानाधारक दारात उभी राहिली की 'अण्णा, तुमची ती मॅच' हा विषयच निघत नाही.

आणखी एक, हे मात्र वकिलाला विचारून नीट करा. विकलेल्या मालाच्या पैशासाठी कायद्याने दावा लावायची मुदत साधारण तीन वर्षांची असते. मुदत संपायच्या आत देणेकऱ्याने 'एवढं देणं बाकी आहे' असं लिहून तारखेसह सही दिली, तर तिथून ती पुन्हा मोजली जाते. तुमच्या वहीतली २०२१-२२ ची नावं कशी आहेत, देव जाणे. निदान पुढच्यांच्या सह्या घ्या.

खेळाचे दाखले द्यायचे नाहीत असं मी ठरवलं होतं. सत्कारांच्या भाषणांत तुम्ही ते पोटभर ऐकले असतील. एक मात्र राहवत नाही. पाठलाग करणाऱ्यांतले आठजण बसलेले असतात, एक पळत असतो. बसलेल्याने खो मिळाल्याशिवाय उठायचं नाही, उठला की फाऊल. खो मागून द्यायचा आणि पंचाला ऐकू जाईल असा द्यायचा, हे मी तुम्हाला काय सांगणार! दुकानात तुम्ही सात वर्षं एकटेच पळताय. दम लागलाय, गडी हाताला लागत नाही, तरी तोंडातून खो निघत नाही. आता एकदम म्हणता, प्लॉट द्या. वहिनी जागेवरून हलल्या नाहीत याला तुम्ही आडमुठेपणा म्हणता. मला तर त्यात नियम पाळलेला दिसतो.

त्यांना काउंटरला परत बोलवा. नुसतं 'ये, बस' असं नव्हे, काम द्या. यंदाच बघा, गेल्या हंगामात भिजलेलं सोयाबीन घरचं बियाणं म्हणून लोक पेरायला काढतील. उगवेल की नाही, कोणाला भरवसा आहे? ओल्या गोणपाटात शंभर दाणे मोजून ठेवायचे, सत्तर किंवा जास्त उगवले तर पेरायचं, कमी उगवले तर विचार करायचा, आणि ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय चाड्यावर मूठ धरायची नाही. हे त्या शिकलेल्या आहेत. दुकानासमोर बाकड्यावर गोणपाट अंथरून त्यांनी महिनाभर लोकांच्या बियाण्याची चाचणी करून दिली, तर बायाबापड्या त्यांच्याकडे येतील. आणि बाई गल्ल्यावर असली की उधार मागताना माणूस जरा दबकतो, हाही आपल्याकडचा अनुभव.

वडिलांना पटणार नाही. नाही पटू दे. १९७२ च्या दुष्काळात ते चौदा-पंधरा वर्षांचे असतील. खडी फोडायला गेले असतील, सुकडीवर दिवस काढले असतील. त्या वयात ज्याने खेळ बघितलाच नाही, त्याला वीस वर्षांचं पोरगं दिवसभर मातीत पळताना बघून काय वाटलं असेल? त्यांच्याशी वाद घालू नका. महिनाअखेरीला व्याजाचे २२ हजार कमी होऊन १५ झाले की त्यांना आकडा दाखवा. त्या पिढीला आकडा कळतो.

आता अकॅडमी. तुमच्या पत्राच्या न छापलेल्या भागात तुम्ही अविनाश साबळेचं उदाहरण दिलंय. आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा पोरगा, २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत स्टीपलचेस या अडथळ्यांच्या शर्यतीत रौप्य, सोन्यापासून अवघ्या ०.०५ सेकंदाने दूर. उदाहरण चांगलं आहे, पण ते तुमच्या बाजूचं नाही. तो बारावीनंतर सैन्यात भरती झाला, सियाचीनला राहिला, घराला पगार सुरू झाला आणि पळण्याचं पुढचं सगळं मग घडलं. तुम्ही उलट करायला निघालात. आधी चालू दुकान मोडायचं, मग पळायचं.

पोलीस भरतीची निवासी अकॅडमी म्हणजे काय, हे कागदावर मांडून बघा. मैदानी चाचणी ५० गुणांची, लेखी १०० गुणांची. सोळाशे मीटर, शंभर मीटर आणि गोळाफेक तुम्ही डोळे मिटून शिकवाल. पण लेखीला मास्तर लागणार, त्याचा पगार आला. भरती दरवर्षी ठरल्या तारखेला निघत नाही. जाहिरात निघाली की खोल्या भरतात, संपली की ओस. हप्ता मात्र ठरल्या तारखेला येतो. आचारी, पाणी (उन्हाळ्यात टँकर, तुमच्या तालुक्याचं मी काय वेगळं सांगू), आणि मुली ठेवायच्या तर बाई वॉर्डन. रात्री दोन वाजता एखाद्या पोराला ताप चढला तर दवाखान्यात तुम्हीच नेणार. दुकानाचं शटर रात्री आठला खाली येतं, वसतिगृहाला शटर नसतं.

तेव्हा दोन हंगाम थांबा. जिल्हा परिषद शाळेच्या मुख्याध्यापकांना आणि शाळा व्यवस्थापन समितीला भेटा, लेखी परवानगी घ्या. दोन खांब, फक्की, एक शिट्टी. पहाटे साडेपाच ते सात. पंधरा पोरं घ्या, जास्त नको. फी थोडी ठेवा, पण ठेवा, आणि ती गोळा करायचं काम स्वतःकडे ठेवू नका. पेरणीच्या तीन आठवड्यांत सरळ सुट्टी द्या, तेव्हा पोरांचीही घरी गरज असते. दोन वर्षांत एखादं पोरगं जिल्ह्याच्या संघात गेलं, उधारी निम्म्यावर आली आणि तरीही तुम्हाला अकॅडमी हवीच वाटली, तर मला पुन्हा लिहा. तेव्हा मी वहिनींनाच विचारेन.

नोकरीचं मागे पडलंय. त्या आरक्षणात नुसत्या सहभागाच्या प्रमाणपत्राला फार भाव नाही, स्पर्धा कुठली आणि क्रमांक कितवा हे बघतात. तुम्ही कमी पडलात म्हणून ते झालं नाही असं धरून बसू नका. सहा वर्षं त्यात गेली, अजून किती देणार?

मुलीविषयी. 'तिच्यात मला मी दिसतो' हे वाक्य वाचून मी थबकले. तिच्यात तुम्हाला ती दिसली पाहिजे. खेळू द्या, जरूर खेळू द्या. धाराशिवच्या खो-खोपटू सारिका काळेला २०२० मध्ये अर्जुन पुरस्कार मिळाला. १९ जानेवारी २०२५ ला दिल्लीत पहिला खो-खो विश्वचषक भारताच्या मुलींनी नेपाळला ७८-४० ने हरवून जिंकला, तेव्हा कर्णधार प्रियांका इंगळे होती, मूळची केज तालुक्यातली. म्हणजे आपल्या मातीत हे होऊ शकतं. पण तुमचा गुडघा गेला म्हणून तिच्या गुडघ्यांनी ते पूर्ण करावं, असं ओझं ११ वर्षांच्या पोरीवर घालू नका. आणि हेच मी वहिनींनाही सांगेन. लातूरची शिकवणी, डॉक्टरकीची 'नीट' परीक्षा, ते सगळं अकरावी-बारावीचं. पोरगी आता पाचवी-सहावीत असेल. ज्या भांडणाला अजून पाच वर्षं अवकाश आहे, ते आजच स्वयंपाकघरात कशाला? एकच लक्षात ठेवा. तिला तुम्ही शिकवू नका. तुमच्या पंधरा पोरांत ती नको. तिचा सराव तिच्या शाळेच्या सरांकडे होऊ द्या आणि तुम्ही घरी आल्यावर विचारा, 'आज मजा आली का?' बस्स.

जाता जाता तब्येतीचं. वजन ९१ झालंय असं तुम्ही कुठेतरी कोपऱ्यात लिहिलंय. खेळाडूची भूक ग्राउंड सुटल्यावरही सुटत नाही, भाकरी तितक्याच राहतात. वडिलांना साखरेचा त्रास आहे म्हणता, मग या महिन्यात उपाशीपोटी रक्त तपासून घ्या. आणि पोरांसमोर जुना सूर मारून दाखवायचा मोह आवरा. त्या गुडघ्यावर नको.

राहिला ब्लेझर. ठेवू की टाकू, हे मला विचारू नका. तुम्ही तीन वर्षांपूर्वी तो टाकायला दिला होता. खिशातला पाला हिरवट होता, असं तुम्हीच लिहिलंय. कडुलिंबाचा पाला आठ-पंधरा दिवसांत वाळून पिवळा पडतो.